व्हॅल्हाइम, आठ महिन्यांनी: तीन मैत्रिणी आणि लोखंडाच्या खेपा

पहिल्याच शनिवारी गेममध्ये आम्ही तिघी धुराने मेलो. एखाद्या राक्षसाने मारलं असतं तर सांगायला तरी बरं वाटलं असतं. झालं असं, की अंधार पडला, पाऊस लागला, म्हणून मृणालने घाईघाईने चार भिंती उभ्या केल्या आणि वर छप्पर टाकलं. मी मधोमध शेकोटी पेटवली आणि सुप्रियाने दार लावून घेतलं. थोड्या वेळात खोलीभर धूर. "अगं दार उघड!" "कुठंय दार? मला काही दिसत नाहीये!" मग एकेक करत तिघी आडव्या. चुलीपुढे लहानाच्या मोठ्या झालेल्या माझ्या आजीने पहिला प्रश्न विचारला असता, धुराडं कुठं ठेवलंय? आम्हा तीन इंजिनियर बायांना ते सुचलं नाही.

तर हा अनुभव व्हॅल्हाइमचा. गेम स्वीडनच्या आयर्न गेट या कंपनीचा. २ फेब्रुवारी २०२१ ला तो अर्ली ॲक्सेसमध्ये, म्हणजे पूर्ण होण्याआधीच विक्रीला आला, तेव्हा पाच जणांची टीम होती आणि महिनाभरात पन्नास लाख प्रती खपल्या. एका जगात दहा जणांपर्यंत खेळता येतं. तुम्ही मेलेले व्हायकिंग असता, वाल्किरी, म्हणजे मेलेल्या वीरांना नेणारी पुराणातली देवदूती, तुम्हाला उचलून एका रानात आणून सोडते, अंगावर चिंध्या. तिथून पुढे लाकूड तोडा, घर बांधा, शिकार करा, तांबं-कथील वितळवा, आणि एकेका प्रदेशाच्या मुख्य राक्षसाला मारून पुढे सरका. एवढी ओळख बास. मला सांगायचंय ते मैत्रिणींबरोबर खेळण्याबद्दल.

आम्ही तिघी सांगलीच्या हॉस्टेलवर चार वर्षं एका खोलीत होतो. आता मी चिपळूणला, मृणाल बंगळुरात, सुप्रिया श्टुटगार्टला. आमचे व्हिडिओ कॉल होत होते, पण त्यांची कळा गेली होती. दहा मिनिटांत मुलं, तब्येती, नवरे उरकायचे आणि मग "आणखी काय?" सुरू व्हायचं. समोरासमोर बसून फक्त बोला म्हटलं की बोलणं आटतं, हे मला उशिरा कळलं. मे महिन्यात गच्चीवर पापड लाटायला बायका जमायच्या, तेव्हा कोण कधी बोलण्यासाठी म्हणून बसलं होतं? हात पापडात आणि तोंड साऱ्या गावात. या गेमने आमच्या हातांना तसं काम दिलं. मी गाजरं लावतेय, सुप्रिया छप्पर शाकारतेय, मृणाल भट्टीत कोळसा टाकतेय, आणि मधेच मृणाल म्हणते, "मी नोकरी सोडायचा विचार करतेय." हे तिने व्हिडिओ कॉलवर सहा महिने सांगितलं नव्हतं. पुढचा पाऊण तास कुणी भट्टीकडे बघितलं नाही. शेकोटीवर टांगलेल्या मांसाचा अक्षरशः कोळसा झाला. (वेळेवर उतरवलं नाही तर गेममध्ये खरंच कोळसा होतो, आणि तो भट्टीत चालतो. वाया काही जात नाही.)

आता कामाच्या गोष्टी. मैत्रिणीच्या जगात शिरणं सोपं आहे. जिच्या मशीनवर जग आहे तिने जग निवडताना 'स्टार्ट सर्व्हर'वर खूण करायची आणि पासवर्ड ठेवायचा. बाकीच्यांनी स्टीमच्या (म्हणजे जिथून गेम विकत घेतो त्या ॲपच्या) मित्रयादीतून आत यायचं. क्रॉसप्ले, म्हणजे वेगवेगळ्या प्रकारच्या मशीनवरून एकत्र खेळायची सोय, चालू ठेवलं तर आकड्यांचा एक कोड मिळतो, तो व्हॉट्सॲपवर टाकला की झालं. राउटरमध्ये शिरून काही उघडावं-मिटावं लागत नाही. तुमचं पात्र तुमच्याच मशीनवर राहतं आणि जग यजमानाच्या. म्हणजे तुम्ही कुणाच्याही जगात आपल्या सामानासकट पाहुण्या म्हणून जाऊ शकता. हे लक्षात ठेवा, पुढे यावरून भांडण झालंय.

आम्ही पहिली चूक केली ती जग माझ्या मशीनवर ठेवण्याची. यजमानाचं मशीन बंद तर जग बंद. बुधवारी सुप्रियाला तास मोकळा असला तरी तिला आमच्याच बेटावर जाता येईना, कारण मी लेकीचा अभ्यास घेत बसलेली. आणि चिपळूण म्हटल्यावर वीज आलीच, म्हणजे गेलीच. मार्चमध्ये एकदा वळवासारखं भरून आलं आणि ऐन रंगात लाइट गेली. लॅपटॉप बॅटरीवर चालू राहिला असता, पण माझी बॅटरी केव्हाच म्हातारी झालीय. सगळं काळंठिक्कर.

परत आल्यावर जे दिसलं ते मजेशीर होतं. जग मधूनमधून आपोआप सेव्ह होतं, त्यामुळे ते वीस-पंचवीस मिनिटं मागे गेलं. पण त्या दोघींची पात्रं त्यांच्या-त्यांच्या मशीनवर, ती मागे गेलीच नाहीत. सुप्रियाने मधल्या वेळात सगळं लोखंड पेटीत टाकलं होतं. तिच्या पाठीवरून ते गेलं होतं आणि पेटीत अजून पोचलंच नव्हतं, म्हणजे हवेत विरलं. उलट मृणालने त्याच पेटीतून तांबं काढून घेतलं होतं, ते तिच्याकडेही राहिलं आणि पेटीतही परत आलं. एकीचं दिवाळं, दुसरीची दिवाळी. सुप्रिया दोन दिवस माझ्याशी तुटक बोलत होती, जणू लाइट मीच घालवली.

त्यानंतर जग मृणालकडे हलवलं. हे तितकं अवघड नाही. गेम बंद करायचा, विंडोजच्या ॲपडेटा फोल्डरात लोकल-लो, त्यात आयर्नगेट, त्यात व्हॅल्हाइम, आणि आत 'वर्ल्ड्स_लोकल' असतं. तिथून आपल्या जगाच्या नावाच्या दोन फाइली, एक डीबी आणि एक एफडब्ल्यूएल, दोन्ही पाठवायच्या. एकच पाठवली तर उपयोग नाही. जग क्लाउडवर ठेवलं असेल तर आधी गेममधल्या 'मॅनेज सेव्ह्ज'मधून लोकलला आणा. आणि दर महिन्याला या फाइलींची एक प्रत पेनड्राइव्हवर ठेवा. आमच्या बेटाची प्रत माझ्या लग्नाच्या फोटोंच्या फोल्डरात आहे.

चोवीस तास चालणारा वेगळा सर्व्हर भाड्यानेही मिळतो किंवा घरच्या जुन्या मशीनवर स्टीमवरचं फुकट सर्व्हर टूल चालवता येतं. मी घरी करून बघितलं. त्यासाठी राउटरवर २४५६ पासूनचे पोर्ट, म्हणजे बाहेरच्यांना आत यायच्या वाटा, उघडावे लागतात, आणि माझ्या इंटरनेटवाल्याने मला स्वतंत्र पब्लिक आयपी, म्हणजे इंटरनेटवरचा स्वतःचा पत्ता, दिलेलाच नाही, एकाच आयपीमागे सगळी आळी. दोन रविवार घालवले आणि सोडून दिलं. तुमचीही तीच गत असेल तर क्रॉसप्लेवाला कोड वापरा, डोकं फोडू नका.

लॅगबद्दल, म्हणजे गेम अडखळत मागे पडतो त्याबद्दल, मात्र एक गोष्ट आम्हाला फार उशिरा उमगली. आम्ही समजत होतो की यजमानाचं नेट चांगलं की सगळं चांगलं. तसं नाही. या गेममध्ये एखाद्या भागात जी पहिली पोचते, तिचं मशीन त्या भागातल्या प्राण्यांचा, दारांचा, पडणाऱ्या झाडांचा हिशेब ठेवतं. मृणालचं फायबर कितीही जोरात असलं तरी दलदलीत मी आधी पोचले आणि त्या दिवशी मी मोबाइलच्या हॉटस्पॉटवर असले, की तिघींनाही राक्षस उड्या मारत पुढे-मागे होताना दिसायचे. दार उघडलं की दोन सेकंदांनी उघडणार. भाड्याच्या सर्व्हरनेही हे सुटत नाही. तेव्हापासून आमच्याकडे नियम आहे: नव्या जागी माप ओलांडायचं ते मृणालने, आम्ही मागून. निम्मा त्रास तेवढ्याने गेला.

झोपेचं प्रकरण वेगळंच. गेममधला दिवस साधारण अर्ध्या तासाचा. रात्री बाहेर थंडी आणि राक्षस, म्हणून झोपून सकाळ करायची. पण सकाळ होण्यासाठी जगात हजर असलेल्या प्रत्येकीने पलंगावर आडवं व्हायला हवं. एक जरी जागी असली तरी बाकीच्या छताकडे बघत पडलेल्या. आणि मृणाल, जी हॉस्टेलमध्येही एक-दीडशिवाय लाइट बंद करू द्यायची नाही, ती इथेही "हे एवढं झाड पाडते आणि आले" म्हणत रानात. तेरा वर्षांत बाईत काडीचा फरक नाही. आमच्या सासूबाई एकदा दारात येऊन म्हणाल्या, "कुणाला झोप-झोप करतेयस? पोरगी कधीच झोपली की."

आता लोखंड. दुसऱ्या मोठ्या राक्षसाला मारल्यावर एक किल्ली मिळते, त्या किल्लीने दलदलीतली तळघरं उघडतात, आणि तिथल्या चिखलात भंगार लोखंड सापडतं. पोर्टल बांधून क्षणात घरी पोचता येतं, पण कच्ची धातू आणि धातूच्या विटा पोर्टलमधून जात नाहीत. म्हणजे लोखंड घरी आणायचं तर होडीने. तराफ्यानंतरची पहिली होडी म्हणजे कार्व्ह. तिच्यात सामानाला चारच खण. एकीने सुकाणू धरायचं, दोघींनी नुसतं बसायचं. वारा उलटा फिरला की शीड उतरवून वल्ह्यावर, गोगलगायीसारखं. दाभोळ-धोपाव्याच्या फेरीबोटीतही माझ्या पोटात ढवळतं, पण इथे सुकाणू माझ्याकडेच असतं, कारण "कोकणातली आहेस ना तू." समुद्रात एकदा सर्प उठला आणि ऐन काळोखात होडी फोडली. लोखंडासकट सगळ्यांचं सामान समुद्रात. ते काढायला दोन शनिवार गेले. "आज लोखंड आणायचंय," हे वाक्य घरी इतक्यांदा बोललं गेलं की सासूबाईंनी विचारलं, भंगाराचा धंदा काढलात की काय?

यावरूनच ते भांडण. एका रात्री मृणाल एकटीच दलदलीत गेली आणि पुढच्या शनिवारी घरी पेटी भरून लोखंड. होडी तर किनाऱ्यावरच! तिने आपलं पात्र आपल्याच दुसऱ्या रिकाम्या जगात नेलं, तिथल्या पेटीत लोखंड ठेवलं, मोकळ्या हाताने आमच्या जगात पोर्टलमधून घरी आली, आणि मग त्या दुसऱ्या जगातून लोखंड उचलून आणलं. चलाखी मान्य, पण सुप्रिया भडकली. तिचं म्हणणं, मग खेळायचं कशाला? मृणालचं म्हणणं, मला आठवड्यात चार तास मिळतात, त्यातले दोन होडीत का घालवू? दोघींचंही खरं होतं. शिवाय ऑगस्ट २०२३ च्या अपडेटपासून यजमानाला जगाचे नियम बदलता येतात. पोर्टलमधून धातू जाऊ द्यायची सोय आहे, मेल्यावर होणारं नुकसान कमी करता येतं, राक्षस सौम्य करता येतात. म्हणजे चोरीछुपे करायची गरजच नव्हती. मेल्यावरचं नुकसान आम्ही कमी केलं. पोर्टलचा नियम दोनास एक मतांनी तसाच ठेवला. दुसरं मत माझं. होडीत करायला काहीच नसतं, म्हणून आमच्या सगळ्या लांबलचक गप्पा होडीतच झाल्यात. मृणाल अजून कुरकुरते. पण नोकरीचा निर्णय तिने होडीतच घेतला.

कुरबुरी आणखी आहेत. नकाशा ज्याचा त्याला दिसतो, मैत्रिणीने शोधलेलं आपोआप कळत नाही. त्यासाठी नकाशाचं टेबल बांधून तिथे नोंद करावी आणि वाचावी लागते, आणि ती नोंद करायला सुप्रिया हमखास विसरते. माळरानातल्या डासाने अनपेक्षितपणे गाठलं की एका डंखात खलास. वर्षभर खरे डास मारून थकलेल्या कोकणी बाईला हा विनोद पचत नाही. मेल्यावर जिथे मेलो तिथे थडगं उभं राहतं आणि सगळं सामान त्यात, म्हणजे ज्या राक्षसाने मारलं त्याच्याच पायाशी उघड्या अंगाने परत जायचं. तिघी असलो की एक भुलवते आणि दुसरी सामान काढते. एकटीने खेळले असते तर इथेच सोडून दिलं असतं.

मशीनचं म्हणाल तर आठ जीबी रॅम किमान, आणि वेगळं ग्राफिक्स कार्ड हवंच. सुप्रियाचा पातळ, देखणा लॅपटॉप पंधरा मिनिटांत विमानासारखा आवाज करायला लागला, शेवटी तिने सेकंडहँड घेतला. माझ्या जीटीएक्स १६५० कार्डावर मध्यम सेटिंग्जला नीट चालतं, फक्त घर जसं मोठं होत गेलं तसं घराशी आल्यावर अडखळायला लागलंय. उगाच शंभर खांबांचा वाडा बांधू नका. बोलायला डिस्कॉर्ड हे गप्पांचं ॲप, आणि बटण दाबून बोलायची सवय तिघींनीही लावून घ्या, नाहीतर एकीच्या कुकरच्या शिट्टीला दोघी दचकतात. वेळ आमची शनिवारी रात्री साडेनऊ, म्हणजे हिवाळ्यात सुप्रियाचे पाच. मार्चअखेर जर्मनीत घड्याळं पुढे गेली आणि तिचे सहा झाले, तेव्हा दोन शनिवार गोंधळ झाला होता.

सध्या आम्ही डोंगराखाली अडकलोय. वर बर्फ आहे, थंडीचं औषध प्यायल्याशिवाय चढता येत नाही, आणि ते पिंपात आंबतंय. त्या मोकळ्या वेळात सुप्रियाने मधमाश्यांच्या पेट्या लावल्यात. पेटीजवळ गेलं की माश्या खूश आहेत की नाही ते गेम सांगतो. दोन पेट्या भिंतीला टेकल्यात, त्या खूश नाहीत. ती म्हणते हलवूया, मृणाल म्हणते आधी पिंप बघ, आणि मी राउटरला नवा छोटा यूपीएस जोडून बसलेय, कारण बाहेर जून लागलाय.