हनोईत ‘सापा’चा ट्रेक बुक करताय? आधी आमचं काय झालं ते वाचा

खूप दिवस लिहू की नको करत होते, पण परवा ऑफिसमधली एक जण म्हणाली की ती व्हिएतनामला चाललीये आणि सापाचा, म्हणजे तिथल्या उत्तरेकडच्या डोंगरातल्या सापा गावाचा, ट्रेक हनोईला पोचल्यावर तिथेच कुठल्यातरी दुकानात बुक करेल, स्वस्त पडतं म्हणे. तेव्हाच ठरवलं की आता बसून सगळं लिहून काढायचं. मोठं होणार आहे, पण जाणार असाल तर पूर्ण वाचा.

आम्ही २०२४ च्या ऑगस्टच्या शेवटच्या आठवड्यात गेलो होतो, मी, माझा नवरा आणि माझे बाबा. बाबा मुळशीकडचे, सदुसष्ट वर्षांचे, आयुष्यभर भात लावला आणि कापला. त्यांनी नातवाच्या मोबाईलवर सापाच्या डोंगरातली भाताची खाचरं बघितली, एकावर एक पायऱ्यांसारखी पार ढगात गेलेली, आणि म्हणाले हे एकदा डोळ्यांनी बघायचंय. आयुष्यात त्यांनी स्वतःहून मागितलेली ही पहिली गोष्ट. म्हणून सगळी ट्रिप त्या एका दिवसासाठी आखलेली होती, हे आधी सांगते, म्हणजे माझा एवढा संताप का झाला ते कळेल.

एका ओळखीच्यांनी हनोईतल्या एका कंपनीचं नाव दिलं होतं, ते स्वतः त्यांच्याबरोबर जाऊन आलेले. हनोईच्या ओल्ड क्वार्टरमध्ये गल्लोगल्ली एका खोलीची ट्रॅव्हलची दुकानं आहेत, बाहेर फोटोंचे फ्लेक्स, आत एक टेबल आणि एक मुलगी. आम्हाला हॉटेलपासून पाच मिनिटांवर तेच नाव दिसलं. तेच नाव, तसाच हिरवा रंग, फक्त शेवटी एक शब्द जास्तीचा. मी म्हटलं शाखा असेल. खरी कंपनी दोन गल्ल्या सोडून होती, हे नंतर कळलं. तिथे एखाद्या दुकानाचं नाव झालं की त्याच नावाच्या पाट्या लावणारी दुसरी दुकानं उभी राहतात, हा जुना धंदा आहे. त्यामुळे नुसत्या नावावर जाऊ नका, ज्यांनी सांगितलंय त्यांच्याकडून पत्ता घ्या, घर नंबरासकट.

दुकानातल्या मुलीने काय काय कबूल केलं ते लिहिते. रात्रीची स्लीपर बस, सकाळी सापात रूम आणि अंघोळ, जास्तीत जास्त आठ जणांचा ग्रुप, गावातलीच ह्मोंग (तिथली एक डोंगरी जमात) गाईड, यी लिन्ह हो, लाव चाय आणि ता व्हान या गावांमधून बारा किलोमीटर चालणं, रेड झाओ या दुसऱ्या जमातीचं गावसुद्धा, दुपारी एका घरात शाकाहारी जेवण, सगळी तिकिटं धरून, संध्याकाळी बसने परत. माणशी १७ लाख डाँग. तिघांचे ५१ लाख, म्हणजे आपले साधारण १७ हजार रुपये. रोख. कार्डाचं मशीन बिघडलंय म्हणाली. बाबा माळकरी आहेत हे मी तीनदा सांगितलं, मांस नाही, मासे नाहीत, अंडं नाही, आणि तिने तिन्ही वेळा हसून ‘वेज, नो प्रॉब्लेम’ म्हटलं. गुलाबी कागदावर पावती दिली, त्यावर फक्त ‘सापा, एक दिवस, तीन माणसं, पैसे मिळाले’ एवढंच. बाकी सगळं तोंडी. मी कागदावर लिहून घ्यायला हवं होतं, नाही घेतलं, आणि याचं मला आजही वाईट वाटतं.

भिंतीवरचा मोठा फोटोही सांगायला हवा. गोल टेकडी आणि तिच्याभोवती सोनेरी भाताची वर्तुळं, बाबा त्या फोटोसमोर हात मागे बांधून बराच वेळ उभे होते. मी विचारलं हे उद्या दिसणार का, ती हो म्हणाली. ती जागा सापात नाहीच! ती मू कांग चायची माम सोई टेकडी, तेव्हा ती येन बाय नावाच्या वेगळ्या प्रांतात होती, आणि सापाहून तिथे नुसतं जायलाच अर्धा दिवस मोडतो. तसंच रेड झाओंचं. त्यांचं जे ता फिन गाव सगळे दाखवतात ते सापाच्या दुसऱ्या अंगाला आहे, लाव चाय आणि ता व्हान मुओंग होआच्या दरीत. एका दिवसात पायी हे सगळं होऊच शकत नाही. नकाशा उघडून पाच मिनिटं बघितलं असतं तर तिथेच खोटं पकडता आलं असतं. तुम्ही बघा. गावांची नावं विचारून घ्या आणि दुकानदारासमोरच नकाशावर टाका.

बसने पहाटे पाचच्या आत सापात उतरवलं. थंडी होती, सापा पंधराशे मीटरच्या वर आहे. एक माणूस आला, पावती मागितली, बघितली आणि खिशात टाकली. परत द्या म्हटलं तर म्हणाला ऑफिसला लागते. तो एकच कागद आमच्याकडे होता आणि मी त्याचा साधा फोटोही काढलेला नव्हता. कृपा करून हे वाक्य लक्षात ठेवा, पावती हातात पडल्याबरोबर फोटो काढा आणि मूळ कागद कोणालाही देऊ नका, दाखवा फक्त. कारण त्या क्षणापासून आम्ही काय घेतलं होतं याचा काहीही पुरावा उरला नाही. रूम नव्हती, एका हॉटेलच्या तळघरातलं बाथरूम होतं, त्याचे वेगळे पैसे. गावात जायची तिकिटं वेगळी. आणि निघताना मोजलं तर आम्ही सव्वीस जण होतो, तीन-चार दुकानांतून गोळा केलेले, प्रत्येकाला काहीतरी वेगळं सांगितलेलं, प्रत्येकाने वेगळा भाव दिलेला. एक जर्मन जोडपं आमच्या निम्म्या पैशात आलं होतं.

गाईड मात्र खरंच ह्मोंग होती, बावीस-तेवीस वर्षांची, पाठीवर वेताची टोपली, निळीत रंगवलेला घरचा पोशाख. इंग्रजी फाडफाड, शाळेत नाही, लहानपणी टुरिस्टांच्या मागे फिरून शिकलेली. तिला आदल्या रात्री फोन आला होता, किती लोक आहेत एवढंच सांगितलेलं, आम्हाला काय कबूल केलंय याचा तिला पत्ताच नव्हता. बारा किलोमीटर म्हटल्यावर ती माझ्याकडे बघतच राहिली. व्हॅन आम्हाला थेट खाली लाव चायजवळ सोडणार होती आणि ता व्हानहून उचलणार होती, म्हणजे यी लिन्ह होची अख्खी वाट, जिथे खाचरांच्या बांधावरून चालत उतरतात, तीच गायब. आम्ही चाललो ते बराचसा सिमेंटचा रस्ता, मागून स्कूटर हॉर्न मारतायत. मोबाईलवर बघितलं, चार किलोमीटरसुद्धा पूर्ण झाले नाहीत.

दरी मात्र फार सुंदर आहे, ते नाकारणार नाही. भात पिवळा पडायला लागला होता, वरच्या खाचरातलं पाणी खालच्या खाचरात बांबूच्या नळीने उतरवलेलं. एका ठिकाणी बाबा रस्ता सोडून बांधावर गेले, खाली बसले, एक लोंबी हातात घेतली, दाणा दाताखाली फोडून बघितला आणि म्हणाले, ‘अजून दूध हाय, पंधरा दिस लागतील.’ गाईड त्यांच्याजवळ जाऊन बसली. थंडीमुळे इथे वर्षाला एकच पीक येतं, तिने सांगितलं, मी मराठीत सांगितलं, बाबा म्हणाले आमच्याकडं पण पावसाचं एकच. तिने लावणीचा वाकून अभिनय केला, बाबांनी आवणाची मूठ कशी सोडवतात ते दाखवलं, आणि दोघंही एकमेकांची भाषा कळत नसताना मान हलवत होते. चार मिनिटं झाली असतील, मागून व्हॅनवाल्याचा फोन आला, लवकर चला, जेवणाची वेळ दिलेली आहे. त्या चार मिनिटांसाठी आम्ही एवढ्या लांब आलो होतो.

मग ‘विणकामाचं घर’. ते घर नव्हतं, दुकान होतं, पुढे दाखवायला निळीचं एक पिंप आणि एक माग ठेवलेला. सगळं ह्मोंग बायांनी हाताने केलेलं म्हणून सांगत होते, टेबल रनर ६ लाख डाँग. माझी घ्यायची तयारी झाली होती. गाईड माझ्या शेजारी उभी होती, तिने काही न बोलता कापडाचा कोपरा उलटा केला. मागची बाजू पांढरीफटक. मेणाने नक्षी काढून निळीत बुडवलेलं कापड दोन्हीकडून रंगतं, आणि भरतकाम असेल तर मागे गाठी आणि टाके दिसतात. हे मशीनवर छापलेलं होतं. तिने कोपरा परत सरळ करून ठेवला तेव्हा तिची बोटं दिसली, नखांच्या मुळापर्यंत निळी, धुऊन न जाणारी. तिने मला वाचवलं आणि तसं करताना तिची रोजी जाऊ शकली असती, हे मला बाहेर आल्यावर लक्षात आलं.

आता जेवण. ता व्हानमध्ये एका मोठ्या हॉलमध्ये लांब टेबलं, आमच्यासारखे चार-पाच ग्रुप. शाकाहारी म्हणून आमच्यापुढे टोमॅटोच्या रश्शातला टोफू आला. बाबांना तो पनीरसारखा वाटला, त्यांनी एक तुकडा तोंडात टाकला. आत डुकराचा खिमा भरलेला होता. तिथला तो रोजचा पदार्थ आहे, टोफू पोकळ करून आत खिमा भरतात, बाहेरून काही म्हणजे काही कळत नाही. बाबा उठून बाहेर गेले, नळावर किती वेळ चुळा भरत होते. मी मागे गेले तर गळ्यातली माळ मुठीत धरून उभे, मला म्हणाले, ‘असू दे गं, तू जेवून घे.’ चाळीस वर्षांची माळ आहे त्यांची. ते मला एक शब्द रागाने बोलले नाहीत आणि म्हणूनच मला ते विसरता येत नाही. दुपारी त्यांनी दोन केळी खाल्ली फक्त.

शाकाहारी लोकांनो, तिथे ‘वेज’ म्हटलं की भाजी आहे एवढंच समजतात. ‘आन चाय’ म्हणा, म्हणजे बौद्ध पद्धतीचं शाकाहारी जेवण, हा शब्द बहुतेकांना लगेच कळतो. फोनवर व्हिएतनामी भाषेत लिहून ठेवा, त्यात मासळीचा सॉस नको हेसुद्धा, कारण तो साध्या कोबीच्या भाजीतही टाकतात.

परत हनोईला मध्यरात्री पोचलो. सकाळी दुकानात गेलो तर टेबलावर दुसरीच मुलगी. ती म्हणाली आम्ही फक्त तिकीट विकतो, ट्रेक सापाचे लोक चालवतात. पावती दाखवा. पावती सापात घेतली म्हटलं तर म्हणाली मग मी काय करू. नवऱ्याने आवाज चढवला तेव्हा आतून एक माणूस आला आणि पुढच्या टूरवर २ लाख डाँग सूट देतो म्हणाला. एक पैसा परत मिळाला नाही. खरं तर तिथे टूर चालवायला सरकारी लायसन्स लागतं, आधी तो नंबर मागितला असता आणि पाटीवरच्या नावाशी जुळवला असता तर आम्ही त्या दुकानाची पायरी चढलो नसतो. पैसे कार्डाने दिले असते तर बँकेकडे तरी दाद मागता आली असती. आणि रोख देणारच असाल तर नोटा मोठ्याने मोजून द्या, ५ लाखाची आणि २० हजाराची नोट दोन्ही निळसर असतात, आमच्या ग्रुपमधल्या एका मुलीला त्यातच गंडवलं होतं.

आता मला ज्याचा सगळ्यात जास्त राग येतो ते. सापाहून आलेले बरेच जण सांगतात की गावातल्या बाया मागे लागतात, हात धरून उतरवतात आणि शेवटी वस्तू घ्यायला लावतात, फसवतात. आमच्याबरोबरही तीन म्हाताऱ्या चालत होत्या, एकीने चिखलात बाबांचा हात धरला आणि शेवटी एक बटवा पुढे केला. नको म्हटलं तर नको, हसून निघून जातात. याला फसवणूक म्हणू नका हो. मी गाईडला सरळ विचारलं तुला आजचे किती मिळणार, ती म्हणाली ३ लाख डाँग. हजार रुपये, सव्वीस माणसांचे! सगळ्यांनी दिलेल्या पैशातले गावात एवढेच आले, बाकीचे दरीत उतरलेच नाहीत. तिनेच सांगितलं की आदल्या रात्री सापात किंवा ता व्हानच्या होमस्टेला येऊन राहिलात आणि गाईड बाईशीच ठरवलंत तर पैसे तिच्या हातात पडतात, वाट ती ठरवते, आणि जेवण तिच्या घरी. बस वेगळी बुक करा, ट्रेक वेगळा. ज्येष्ठ बरोबर असतील तर तिला आधीच सांगा, पावसात तिथली माती फार घसरते, रबरी बूट तिथे भाड्याने मिळतात.

मी निघताना तिच्या टोपलीतला एक छोटा बटवा घेतला, तो खरा आहे, पहिल्या धुण्यात पाणी निळं झालं. नंबरही घेतला. ७ सप्टेंबरला आमच्याकडे गणपती बसले त्याच दिवशी तिकडे यागी वादळ धडकलं, आणि मग बातम्यांत लाव काय प्रांतातल्या दरडी दाखवायला लागले, एक अख्खी वाडी गाडली गेली. सापा त्याच प्रांतात. मी मेसेज केला, चार दिवस एकच टिक. पाचव्या दिवशी तिचा फोटो आला, चिखलात आडवं झालेलं पिवळं भात आणि खाली लिहिलेलं, ‘घर ठीक. पप्पांना सांगा.’

बाबांनी फोटो मोठा करून बराच वेळ बघितला आणि मला विचारलं, किती कापून झालं होतं विचार तिला.