'तुझ्या भावाला सांग': कर्वे रोडचं एक फॅमिली कौन्सेलिंग सेंटर, सहा सेशन्स, चार स्टार

सेंटरचं नाव टाकत नाहीये, आधीच सांगून ठेवते. एक तर खाली एक तक्रार आहे, आणि दुसरं म्हणजे कोथरूडमध्ये कोण कोणाचा कोण निघेल काही सांगता येत नाही, आमची निम्मी सोसायटी बाबांच्या सकाळच्या वॉकिंग ग्रुपमध्ये आहे. कर्वे रोडच्या आतल्या एका गल्लीत, पहिला मजला, एवढं पुरे.

तर प्रॉब्लेम काय होता. बाबा ७४, धाकटा भाऊ ३६, दोघं मयूर कॉलनीत एकाच टू बीएचकेमध्ये राहतात आणि एकमेकांशी माझ्यामार्फत बोलतात. मी राहते सिंहगड रोडला. म्हणजे गीझर चालू राहतो मयूर कॉलनीत आणि फोन वाजतो माझा. "तुझ्या भावाला सांग, गीझर बंद करून जात जा म्हणावं." भाऊ त्या वेळी शेजारच्या खोलीत असतो, मला फोनवर मागून त्याच्या मीटिंगचा आवाज येत असतो. दहा मिनिटांनी त्याचा मेसेज, "तुझ्या बाबांना सांग त्याला ऑटो कट आहे." तुझा भाऊ, तुझे बाबा. जसं काही दोघं फक्त माझे नातेवाईक आणि एकमेकांचे कोणीच नाहीत.

गीझरचं हसण्यावारी गेलं असतं पण मध्ये आला रिडेव्हलपमेंट. सोसायटीची बिल्डिंग १९८६ ची, बाकी सगळ्यांच्या संमतीच्या सह्या झाल्या, आमच्या बाबांची नाही, भावाला सगळे खाली पार्किंगमध्ये गाठून विचारतात आणि तो वर येऊन मला फोन करतो. दोन वर्षं हेच. शेवटी माझा नवरा म्हणाला की एक तर तू तरी कौन्सेलिंगला जा नाहीतर मी जातो.

आता गंमत अशी की मी पोटापाण्यासाठी जे काम करते त्यात ट्रँग्युलेशन हा शब्द आम्ही उठताबसता वापरतो. शाळा, अंगणवाड्या, पाण्याच्या योजना वगैरे ठीक चालल्यात का ते बघून रिपोर्ट द्यायचा हे माझं काम. तिथे एका माणसाच्या सांगण्यावर विश्वास ठेवायचा नसतो. हेडमास्तर म्हणतात सगळी मुलं जेवतात, रजिस्टरवर ६२ चा आकडा, आणि तुम्ही मागे जाऊन धुवायला पडलेल्या ताटल्या मोजल्या की ४१. तीन ठिकाणांहून बघितलं की खरं काय त्याच्या जवळपास पोचता येतं. शब्द मुळात जमीन मोजणाऱ्यांचा आहे. लॅम्बटन नावाच्या इंग्रज सर्व्हेअर साहेबानं १८०२ मध्ये मद्रासजवळ साधारण साडेसात मैलांची एक रेघ साखळीनं मोजली आणि तिथून पुढे अर्ध्या टनाचं थिओडोलाइट, म्हणजे कोन मोजायचं यंत्र, वाहून नेत नुसते कोन मोजत अख्खा देश त्रिकोणांत बसवायला घेतला, गेला १८२३ साली आपल्या हिंगणघाटला, कबरसुद्धा तिथेच आहे. समाजशास्त्रवाल्यांनी तो शब्द उचलला, मग १९७० मध्ये त्यांच्यातल्याच डेन्झिननं त्याचे चार प्रकार पाडले, माहिती वेगवेगळ्या ठिकाणची घ्या, बघणारी माणसं वेगळी ठेवा, थिअरी वेगळ्या लावून बघा, पद्धती वेगळ्या वापरा. मी हे नवीन पोरांना ट्रेनिंगमध्ये शिकवते. म्हणजे माझ्या दृष्टीनं ट्रँग्युलेशन ही चांगली गोष्ट.

त्यामुळे पहिल्या सेशनला, मी एकटीच गेले होते, कौन्सेलर मॅडम सगळं ऐकून घेऊन शांतपणे म्हणाल्या "याला आम्ही ट्रँग्युलेशन म्हणतो" तेव्हा मला आधी वाटलं की कौतुक करतायत.

तसं नव्हतं. मरी बोवेन नावाच्या अमेरिकन सायकियाट्रिस्टनं १९५४ पासून काही वर्षं पेशंटबरोबर त्यांचं अख्खं कुटुंबच हॉस्पिटलच्या वॉर्डात राहायला ठेवून अभ्यास केला होता, त्यातून पुढे त्यानं ही त्रिकोणाची कल्पना मांडली. दोन माणसांत ताण वाढला की ती तिसऱ्याला आत ओढतात. तिसरा आला की ताण वाटला जातो, दोघांना जरा बरं वाटतं, आणि मूळ भांडण तसंच शिल्लक राहतं. मॅडमनी विचारलं की तुमच्या आधी मध्ये कोण होतं? मी म्हटलं कोणी नाही. मग दोन मिनिटांनी माझं मलाच आठवलं की आई होती. आई तीन वर्षांपूर्वी गेली. चाळीस वर्षं ती स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून बाहेरचं आत आणि आतलं बाहेर करायची. लोक आईच्या पाटल्या घेतात, माझ्या वाट्याला ते दार आलं. इथे मी रडले, टिश्यूचा डबा रिकामा होता, तेवढी आपली एक नोंद.

मॅडमनी घरचा अभ्यास दिला. आठवडाभर कोणाचे किती फोन येतात ते लिहून आणा. हे तर माझ्या आवडीचं काम. मी आधी अंदाज लिहिला, की बाबांचे रोज दोन, भावाचा एक, आणि मी स्वतःहून आठवड्यात फार तर तीनदा. मग फोनमधला कॉल लॉग काढला. एकूण ४३. बाबांचे १७, भावाचे ९ आणि माझे १७! तरी मला वाटलं काहीतरी चुकतंय म्हणून नवऱ्याला विचारलं तर तो वर न बघता म्हणाला, "रोज रात्री ओटा आवरला की दोघांना एकेक लावतेस ना तू." सात दुणे चौदा अधिक तीन. तीन सोर्स, त्यातले दोन जुळले, आणि न जुळणारा सोर्स मी स्वतः. ज्या पद्धतीनं मी हेडमास्तरांना पकडते त्याच पद्धतीनं मी सापडले.

आणि त्या फोनवर मी करत काय होते? बाबा म्हणाले "निर्लज्ज झालाय" की मी भावाला सांगायची "बाबा जरा चिडलेत". भाऊ म्हणाला "म्हाताऱ्याला कळत नाही" की मी बाबांना सांगायची "त्याला कामाचं टेन्शन आहे". साखर घालून. फील्डवर कोणी असा डेटा बदलून आणला असता तर मी त्याला दुसऱ्या दिवशी घरी बसवलं असतं.

तिसऱ्या सेशनला तिघं एकत्र. बाबांना आणणं हा वेगळा लेख होईल. ते आले ते फीचा हिशोब करतच, "पंधराशेला पन्नास मिनिटं, म्हणजे मिनिटाला तीस रुपये", आणि मग पहिली चार मिनिटं कोणी बोललं नाही म्हणून "एकशे वीस गेले" असं मोठ्यानं म्हणाले. मॅडम हसल्या, मला तिथेच त्या आवडल्या. मी सवयीनं दोघांच्या मधल्या खुर्चीत बसले होते. त्यांनी मला उठवून खिडकीपाशी बसवलं, माझी खुर्ची भिंतीला लावून टाकली, आणि बाबा आणि भाऊ समोरासमोर राहिले. एवढंच. मिनुचिन म्हणून फॅमिली थेरपीतला दुसरा एक मोठा माणूस, तो अशी माणसं उठवून बसवायचा हे मी नंतर वाचलं, पण त्या वेळी मला फक्त हात कुठे ठेवावे कळत नव्हतं. भाऊ माझ्याकडे बघून म्हणाला, "ताई, त्यांना विचार सही का नको." मॅडम म्हणाल्या, "काका इथेच आहेत." मग त्यानं टेबलाकडे बघत विचारलं, "बाबा, सही का नको?"

बाबा म्हणाले, "तीन वर्षं भाड्याच्या घरात राहायचं. माझी तिरडी परक्या दारातून निघायला नको."

मी दोन वर्षं हे भावाला काय म्हणून सांगत होते माहितीये? "बाबांना बिल्डरवर भरवसा नाही." कारण ते एकदा तसंही म्हणाले होते आणि तेच सांगायला सोपं होतं. त्यावर भावानं बिल्डरच्या जुन्या प्रोजेक्ट्सची फाइल केली, रेरा नंबर काढले, दोन तयार बिल्डिंगी बघून फोटो आणले, सगळं माझ्या हातून बाबांना पाठवलं, आणि बाबांना वाटलं पोराला आपल्याशी काही देणंघेणं नाही, नुसते कागद पाठवतो. लॅम्बटनला निदान एक बाजू नीट मोजलेली होती. माझ्याकडे तीही नव्हती, दोन कोन बघून तिसऱ्या बाजूचा अंदाज सांगत बसले होते.

आता तक्रार, एक स्टार इथे गेला. चौथ्या सेशनच्या आधी मी फी भरत होते तर रिसेप्शनवरची मुलगी हळूच म्हणाली, "तुमच्या भावाचा फोन आला होता, मॅडमना सांगा म्हणाले की बाबांसमोर जॉबचा विषय काढू नका, आणि तुम्हाला सांगू नका म्हणाले." मी थंड. म्हणजे एक तर त्याच्या जॉबचं काहीतरी आहे हे मला काउंटरवर कळलं, आणि त्रिकोण सोडवायला आलो तिथे चौथा कोन काउंटरला उभा! मुलगी वाईट नाही, पण कौन्सेलिंग सेंटरच्या रिसेप्शनला एवढं तरी शिकवलेलं असावं की कोणी काय निरोप ठेवला हे दुसऱ्याला सांगायचं नाही, मग तो सख्खा भाऊ का असेना. मॅडमना मी आत गेल्यावर सांगितलं. त्यांनी झाकलं नाही, सगळ्यांसमोर आमची चूक झाली म्हणाल्या, आणि भावाला सांगितलं की निरोप माझ्यापर्यंत ठेवून मी खोलीत काही लपवत बसणार नाही, सांगायचं असेल तर तुम्ही सांगा, नसेल सांगायचं तर नका सांगू. हे मला मोठं वाटलं, कारण थेरपिस्टलाच तिसरा कोन करून टाकणं सगळ्यात सोपं असतं, आम्ही तिघंही पहिल्या दिवसापासून तेच करत होतो, "मॅडम, तुम्हीच सांगा कोण बरोबर." त्यांनी सहा सेशनमध्ये एकदाही सांगितलं नाही. बाबा अजून म्हणतात, नऊ हजार दिले आणि निकाल नाही.

पाचवं सेशन मला फुकट गेल्यासारखं वाटलं. त्यात त्यांनी एक झेरॉक्स दिली, कार्पमन नावाच्या अमेरिकन सायकियाट्रिस्टचा १९६८ चा ड्रामा ट्रँगल, छळणारा, बिचारा आणि तारणहार अशा तीन भूमिका आणि माणसं त्यात अदलाबदल करत फिरतात. कल्पना चांगली आहे, पण कागद इंग्रजीत, बाबांनी चष्मा काढून ठेवून दिला. सेशन मराठीत घेता तर कागद पण मराठीत द्या की. शिवाय भावानं तोपर्यंत रील्स बघून ठेवले होते आणि ट्रँग्युलेशन म्हणजे नार्सिसिस्ट, म्हणजे स्वतःपलीकडे न बघणाऱ्या, लोकांची चाल असं डिक्लेअर करून बाबांवर बोट दाखवलं. वीस मिनिटं त्यात गेली. मॅडमचं म्हणणं साधं होतं, की मुद्दाम दोघांना झुंजवणारी माणसं असतात, पण बहुतेक घरांत कोणी व्हिलन नसतो, ताण सहन होत नाही म्हणून माणूस तिसऱ्याला फोन लावतो. रील्सवाल्यांना हे परवडत नाही कारण मग शिव्या कोणाला घालायच्या.

एक सीरियस गोष्ट, घरात मारहाण किंवा धमक्या असतील तर हे 'मधून बाजूला व्हा' लागू नाही. मॅडमनी पहिल्याच दिवशी, आणि नंतर तिघांना वेगवेगळं आत घेऊन विचारलं होतं की कोणाची भीती वाटते का. न विचारता सरळ सगळ्यांना एकत्र बसवणारी जागा असेल तर तिथे जाऊ नका. आणि फी परवडत नसेल तर सरकारची टेली मानस हेल्पलाइन आहे, १४४१६, फुकट आहे आणि मराठीत बोलता येतं.

बाकी किरकोळ. पार्किंग विसरा, मेट्रोनं नळ स्टॉपला उतरा. वेटिंगमध्ये पाटी आहे, 'आतले सेशन संपेपर्यंत दार वाजवू नये, वाजवल्यास ते लवकर संपत नाही', बाबांना सगळ्या सेंटरमध्ये तेवढंच पटलं. पावती मागितल्याशिवाय देत नाहीत. शनिवारचा स्लॉट दोन आठवडे आधी धरावा लागतो.

सहाव्या सेशनला मॅडमनी फक्त त्या दोघांना बोलावलं. मी सोडायला गेले आणि खाली चहाच्या टपरीवर थांबले, पन्नास मिनिटांत दोन चहा आणि एक क्रीमरोल झाला, तीनदा फोन हातात घेऊन परत ठेवला. दोघं खाली आले. बाबा म्हणाले चहा आम्हालाही सांग. आत काय बोलले ते मी विचारलं नाही आणि त्यांनीही सांगितलं नाही. सही अजून झालेली नाही. गीझरचा फोन मागच्या आठवड्यात एकदा आला होता, मी म्हटलं बाबा तो शेजारच्या खोलीत आहे, तर म्हणाले माहितीये, आणि ठेवला.