रेसिंग ऑइलच्या नावाखाली गेलेले २२,२०० रुपये

निपाणीजवळ महामार्गालगत माझा पाच गो-कार्टचा, म्हणजे शर्यतीच्या छोट्या उघड्या गाड्यांचा, लहानसा ट्रॅक आहे. मला इंजिनातले काही कळत नाही असे कोणी समजू नये. उसाच्या पाण्याचे पंप मी वीस वर्षे उघडत आलो आहे. तरीही गेल्या उन्हाळी सुट्टीत कोल्हापूरकडच्या एका विक्रेत्याने १,८५० रुपयांना एक याप्रमाणे 'परदेशी रेसिंग ऑइल'चे १२ कॅन माझ्या गळ्यात मारले आणि मी कच्च्या बिलावर २२,२०० रुपये मोजले. पक्के बिल देत नाही त्याच्याकडून चमचाभर तेलही घेऊ नका.

"मालक, १०डब्ल्यू-३० म्हणजे पंपाचे तेल, कार्टला ते चालत नाही," असे तो म्हणाला. (१०डब्ल्यू-३० ही इंजिन ऑइलच्या घट्ट-पातळपणाची प्रत.) वास्तविक आमच्या कार्टवरचे १६३ सीसीचे होंडा जीएक्स १६० हे शेतातल्या पंपावर बसते तेच इंजिन आहे, आणि त्याच्या पुस्तिकेत सर्वसाधारण वापरासाठी १०डब्ल्यू-३० हेच सांगितले आहे. ती पुस्तिका माझ्याच कपाटात होती.

पहिला कॅन उघडताच आमचे मेस्त्री थबकले. "मालक, ह्याला रॉकेलचा वास येतोय," ते म्हणाले. कॅनवर आयातदाराचे नाव नव्हते, एमआरपीही नव्हती, आणि कायद्याने दोन्ही छापावे लागते हे मला ठाऊक होते. पण शनिवार होता, मुले हेल्मेट घालून रांगेत उभी होती, आणि मी मेस्त्रींनाच गप्प केले: "परदेशी आहे, वास वेगळा असणारच." त्या क्षणी बोट लावून पाहिले असते तरी तेल पाण्यासारखे पातळ असल्याचे कळले असते.

या इंजिनाला ऑइलचा पंप नाही, फिल्टर नाही; कनेक्टिंग रॉडच्या, म्हणजे पिस्टनला जोडलेल्या दांड्याच्या, टोकाचा चमचा जेमतेम ६०० मिली तेल उडवतो, त्यावरच सारे वंगण चालते. नवव्या दिवशी एक इंजिन जाम झाले, अकराव्या दिवशी दुसऱ्याचा रॉड तुटून क्रँककेस, म्हणजे इंजिनाचे खालचे कवच, फुटला. दुरुस्तीचे ९,४०० आणि १४,६०० धरून एकूण ४६,२०० रुपये गेले.

मग पोलीस ठाण्यांच्या फेऱ्या सुरू झाल्या. इकडच्या ठाण्यात सांगितले, दुकान महाराष्ट्रात आहे, तिकडे जा. तिकडे म्हणाले, तुम्ही कर्नाटकातले, इंजिन कर्नाटकात बिघडले. पुन्हा इकडे आलो तर मराठीत लिहिलेला अर्ज कन्नडमध्ये करून आणा म्हणून परत दिला, त्याचे २०० रुपये वेगळे, आणि कन्नड अर्ज घेऊन गेलो तर साहेब बंदोबस्ताला गेलेले. सीमेवरच्या माणसाला दोन्ही सरकारे कर मागतात, तक्रार मात्र कोणीच घेत नाही. ग्राहक आयोगाच्या कचेरीत एका कारकुनाने तर धंद्यासाठी माल घेतला म्हणजे तुम्ही ग्राहकच नाही असे सुनावले. स्वयंरोजगारातून पोट भरणाऱ्याला २०१९च्या ग्राहक संरक्षण कायद्यात सूट आहे, आपण राहतो त्या जिल्ह्यातच तक्रार करता येते आणि ५ लाखांपर्यंतच्या दाव्याला शुल्क नाही, हे मला एका वकिलांकडून कळले.

तक्रार आता दाखल आहे. उरलेले नऊ कॅन फेकू नका असे वकिलांनी बजावले आहे, म्हणून ते बिलाच्या चिठोऱ्यासह तिकीट खिडकीमागे ठेवले आहेत, आणि मेस्त्री येता-जाता त्यांच्याकडे बघतात, बोलत काही नाहीत.