‘द डार्क साइड ऑफ द मून’ची एलपी: आठ महिने वाजवल्यानंतर

गेल्या दिवाळीत पिंक फ्लॉइड या इंग्रज रॉक बँडची ही १८० ग्रॅमची एलपी (मोठी तबकडी) घेतली, सोबत ती वाजवायला एक साधा बेल्ट-ड्राइव्ह टर्नटेबल. आठवड्यातून दोन-तीनदा तरी वाजतेच, म्हणून आता लिहायला हरकत नाही.

एलपीची तुलना लोक सीडीशी करतात, पण माझी तुलना एका कॅसेटशी आहे. मी नववीत असताना मावसभावानं पुण्याच्या हॉस्टेलवरून ९० मिनिटांची कॅसेट आणली होती. अल्बम जेमतेम ४३ मिनिटांचा, त्यामुळे तो अख्खा एकाच बाजूत मावलेला. दुसऱ्या बाजूला गझला. कव्हर नाही, गाण्यांची नावं नाहीत. आमचं घर सोलापूरच्या पूर्व भागात, भिंतीला लागून टॉवेलचे माग. दिवसभर खटक-खटक. लाइट गेली की माग थांबायचे, मी टेपमध्ये सेल घालायचो आणि तेव्हा कुठं सुरुवातीचे हृदयाचे ठोके ऐकू यायचे. पुढं सगळी घड्याळं एकदम ठणाणा करायची, की आई आतून ओरडायची, ‘गजर बंद कर की रे!’ (रेकॉर्डिंग इंजिनिअर अॅलन पार्सन्सनं ती घड्याळं जुन्या वस्तूंच्या दुकानात एकेक करून टिपली होती, हे फार नंतर वाचलं.)

बाबा भजनात तबला वाजवायचे. ‘मनी’ हे गाणं लागलं, नाणी खुळखुळली, तसं त्यांनी मांडीवर बोटं धरली. दोन आवर्तनं मोजून म्हणाले, ‘सात मात्रा. रूपकच हाय की हे!’ गिटारचा सोलो मात्र चारात जातो. तिथं त्यांची बोटं अडखळली आणि १९७३ सालच्या त्या इंग्रज पोरांना ‘ताल सोडला’ असा शेरा मिळाला.

आता मुद्द्याचं. क्लेअर टोरी या गायिकेचं ते शब्दांवाचूनचं गाणं संपलं की माझ्या कॅसेटवर सुईची ‘टक्’ यायची, थोडी खरखर, पुन्हा ‘टक्’, मग नाणी. मला ती टक् गाण्यातलीच वाटायची. कॉलेजात सीडी ऐकली तर टक् गायब! कुणीतरी सम खाल्ल्यासारखं झालं. एलपी घेतल्यावर उलगडा झाला: पहिली बाजू तिथंच संपते. आता मी उठतो, तबकडी उलटवतो, सुई टेकवतो आणि ती टक् माझ्याच हातून होते. एलपीवरून तूच उतरवली होतीस का, असं मावसभावाला फोन करून विचारलं, तर म्हणाला, ‘मी कुठं रे, मी रूममेटच्या कॅसेटवरून उतरवून घेतली होती.’ त्या रूममेटला कुणी दिली, ते त्यालाही आठवत नाही.

तक्रारी आहेत. पहिली तबकडी कडेला वाकलेली आली, परत पाठवावी लागली. दुसरी सपाट आहे, तरी हळू आवाजाच्या जागी चरचर ऐकू येतेच. इथली धूळ आणि मागांचा तंतू सुईला बिलगून बसतो, म्हणून प्रत्येक वेळी आधी ब्रश फिरवा. उन्हाळ्यात तबकड्या पश्चिमेच्या भिंतीकडे ठेवू नका, आणि एकावर एक आडव्या तर कधीच नाही. टर्नटेबलच्या डब्यातच स्पीकर असलेलं मॉडेल घेऊ नका. मी सुटे स्पीकर जोडले आणि बँडमधल्या रॉजर वॉटर्सचा बेस गिटार पहिल्यांदा नीट कळला. शेवटच्या ठोक्यांवर, जिथं रेकॉर्डिंग झालं त्या अॅबी रोड स्टुडिओचा दारवान काहीतरी बोलतो. इतकी वर्षं मला तिथं फक्त टेपची सरसर ऐकू येत होती.

आत दोन पोस्टर आणि स्टिकर आहेत. पोस्टर लावलं नाही, स्टिकर पोरीनं फ्रिजला चिकटवले.

एप्रिल-मे महिन्यांत दुपारी मात्र लावायच्या भानगडीत पडू नका. कूलर चालू असला की पहिले ठोके ऐकूच येत नाहीत, आणि बंद केला तर घरचे टर्नटेबल बाहेर ठेवायला सांगतात. रात्री अकरानंतर बघा, शेजारचे माग बंद झाल्यावर.