ऑब्सिडियनचा काळा आरसा: गणपतीपासून होळीपर्यंतचा वापर

काळ्या आरशात टक लावून भविष्य बघतात म्हणे, म्हणून आधी मी तो कशासाठी घेतला ते सांगतो, म्हणजे भविष्य विचारायला कुणी येणार नाही. आमचा रविवारचा रोल-प्लेइंग गेम चालतो, म्हणजे फासे टाकत, एकेक पात्र होऊन मिळून गोष्ट रचायची, आणि त्यातलं जग रचायचं काम माझ्याकडे आहे. त्या जगात एक दर्पणशाळा आहे. तिथे आरशात बघणं हा अभ्यासाचा विषय: नोंदवह्या, टीका, त्यावर खंडन, वर परीक्षा. पण नुसते फासे टाकून त्यातलं काही उतरेना. 'तुला धूर दिसतो' म्हटलं की प्रसंग संपला. म्हणून खरा आरसा मागवला, मेक्सिकोच्या ऑब्सिडियनचा, तळहाताहून थोडा मोठा, लाकडी स्टँडसकट.

वस्तू म्हणून झकास आहे. ऑब्सिडियन ही ज्वालामुखीतून आलेली काच. तिची पातळ कड टॉर्चसमोर धरली की धुरकट तपकिरी उजेड आरपार येतो. आत गोल बुडबुडे दिसले तर माल बहुधा भट्टीतला. आणखी एक गंमत करून बघा. बोटाचं टोक टेकवलं की बोट आणि प्रतिबिंब थेट भिडतात. बेसिनवरच्या आरशात दोघांमध्ये फट राहते, कारण तिथे लेप काचेच्या मागे असतो. इथे उजेड परततो तो पुढच्या पृष्ठभागावरूनच, तोही समोरून पडेल त्याच्या जेमतेम ४ टक्के. दाढी करायला साफ निरुपयोगी.

दिवसा त्यात ट्यूबलाइट आणि पंख्याची पाती दिसतात, बाकी काही नाही. संध्याकाळी दिवे मालवून एकच मंद दिवा आपल्या पाठीमागे ठेवायचा आणि नजर एका जागी रोखायची. थोड्या वेळाने चेहऱ्याच्या कडा विरतात, एक डोळा खाली सरकतो, गाल भलत्याच कुणाचे वाटू लागतात. आमच्यातल्या एकीला तिची आजी दिसली आणि ती ताडकन उठून चहा करायला गेली. यात चमत्कार काही नाही. टक लावून बघितलं की कडेच्या गोष्टी नजरेतून पुसट होत जातात, हे ट्रॉक्सलर नावाच्या स्विस डॉक्टरने १८०४ मध्येच नोंदवलंय. साध्याच आरशावर इटलीच्या कापुतो या मानसशास्त्रज्ञाने प्रयोग केला, तो २०१० मध्ये छापून आला. मंद उजेडात १० मिनिटं बघणाऱ्या ५० जणांपैकी ६६ टक्के लोकांना स्वतःचा चेहरा भयंकर बदललेला दिसला. त्यासाठी ना मंत्र लागला ना उपवास.

मग दर्पणशाळेत शिकवायचं काय? याचं उत्तर मला जॉन डीकडे मिळालं. एलिझाबेथ राणीच्या काळातला हा गणिती. त्याचा म्हणून सांगितला जाणारा ऑब्सिडियनचा आरसा ब्रिटिश म्युझियममध्ये आहे, व्यास सुमारे १८ सेंमी. तो त्याचाच, हे मुख्यतः अठराव्या शतकातला संग्राहक होरेस वॉलपोल याच्या शब्दावर मानलं जातं. दगड मात्र मेक्सिकोतल्या पाचुकाचा, हे २०२१ च्या क्ष-किरण तपासणीत नक्की झालं. डीला स्वतःला फारसं काही दिसत नसे. १५८२ पासून बघायचं काम त्याचा साथीदार एडवर्ड केलीचं, बहुतेक वेळा स्फटिकात. डी शेजारी बसून प्रश्न विचारायचा आणि उत्तरं उतरवून घ्यायचा. तारीख, वेळ, कोण दिसलं, काय बोललं, सगळं. आज आपल्या हाती उरलंय ते त्याचं लिखाण. केलीला खरोखर काय दिसलं, देव जाणे.

आपल्याकडे अंजनाच्या गोष्टीतही बघणारा वेगळाच असतो. पायाळू माणसाच्या डोळ्यात अंजन घातलं की त्याला जमिनीतलं धन दिसतं म्हणे. खणणारे दुसरे, हिशेब ठेवणारा तिसरा. हेच मी खेळात आणलं. एक जण बघतो, दुसरा लिहितो, आणि लिहिणाऱ्याने आरशाकडे बघायचंच नाही. पुढच्या रविवारी ती वही तिसऱ्याकडे जाते आणि तो अर्थ लावतो. एकदा द्रष्टा 'पूल' म्हणाला, लेखनिकाने 'फूल' ऐकलं, आणि त्या एका अक्षरावरून दर्पणशाळेत दोन पंथ पडले. गेले काही रविवार ते एकमेकांची हस्तलिखितं चोरतायत. मी स्वतः रचून एवढं भांडण मला लावता आलं नसतं.

तक्रारी आहेत. बोटांचे ठसे इतके उमटतात की पोलिसांना आवडेल. धुळीतले वाळूचे कण ऑब्सिडियनहून कठीण, त्यामुळे कोरड्या फडक्याने खसाखसा पुसलं की चरे पडलेच. आधी फुंकर, मग चष्म्याचं ओलसर कापड. बोअरच्या पाण्याचे पांढरे डागही पडतात, त्यासाठी फिल्टरचं पाणी घ्यावं. आईला वस्तू पसंत नाही. 'दिवाणखान्यात नको' एवढंच म्हणाली, तेव्हापासून आरसा कपाटात, गेमच्या डब्यात असतो.

पैसे वसूल का? नुसतं बघण्यापुरतं विचाराल तर नाही. फोटो फ्रेमच्या काचेला मागून काळा रंग द्या. साधी काचही पुढच्या बाजूने साधारण तेवढाच उजेड परत करते, आणि अंधारात फरक ओळखू येत नाही. चेहरे तसेच वितळतात. बोट टेकवल्यावरचा तो स्पर्श आणि हातातलं वजन हवं असेल तरच दगड घ्या. केरळचा आरन्मुळा आरसाही पुढच्याच पृष्ठभागातून दाखवतो, पण तो धातूचा आणि लख्ख, या कामाला चालायचा नाही.

सोबत आलेलं स्टँड मात्र टाकाऊ. खाच उथळ, टेबलाला धक्का लागला की आरसा पुढे झुकतो, आणि फुटला तर कडा ब्लेडसारख्या धारदार. आम्ही ताटं उभी ठेवायचं स्टीलचं स्टँड वापरतो, खाली जाड टॉवेल.