स्टारड्यू व्हॅलीतले मल्टिप्लेअर फार्म डिलीट करताना: आठ महिन्यांच्या वापरानंतर

गेल्या आठ महिन्यांत आम्ही चौघांनी मिळून स्टारड्यू व्हॅली या शेतीच्या व्हिडिओ गेममध्ये सात फार्म सुरू केले. मी, माझी मावसबहीण, तिचा धाकटा भाऊ आणि एक मैत्रीण. सगळे फार्म माझ्या कॉम्प्युटरवर, कारण होस्ट, म्हणजे फार्म उघडून बाकीच्यांना आत घेणारी, कायम मीच. त्यातले चार मी सगळ्यांना विचारून डिलीट केले. एक मात्र कोणालाही न विचारता, चुकून डिलीट केला. हा अनुभव मुख्यतः त्या एकाबद्दल आहे आणि त्यानंतर मी जे शिकले त्याबद्दल.

गेम 2016 सालचा. मल्टिप्लेअर त्यात 2018 मध्ये 1.3 आवृत्तीबरोबर कॉम्प्युटरवर आलं, आणि 2024 च्या 1.6 आवृत्तीनंतर कॉम्प्युटरवर एका फार्मवर आठ जण खेळू शकतात. खेळ म्हणून तो मला किती आवडतो हे सात फार्मच्या आकड्यावरून कळेलच. चौघं वेगवेगळ्या घरांत बसून एकाच शेताला पाणी घालतोय, कोणी खाणीत उतरलंय, कोणी गळ टाकून बसलंय, आणि रात्री सगळे झोपल्याशिवाय दिवस संपत नाही. ही शेवटची गोष्ट लक्षात ठेवा. दिवस संपला की गेम सेव्ह होतो, मध्ये कधीच नाही. होस्टने दुपारीच गेम बंद केला तर बाकीचे बाहेर फेकले जातात आणि त्या दिवसाचं सगळं काम वाया जातं.

आता सेव्ह कुठे होतं? फक्त होस्टकडे. हे मला आधीपासून माहीत होतं, पण त्याचा अर्थ नीट कळला नव्हता. माझ्या मावसबहिणीचं पात्र, तिची कौशल्यं, तिच्या बॅगेतल्या वस्तू, तिची केबिन (फार्मवरचं तिचं छोटं घर), सगळं माझ्या कॉम्प्युटरवरच्या एका फाइलीत असतं. तिच्याकडे त्याची कसलीही प्रत नसते. तिला ते पात्र उचलून दुसऱ्या फार्मवर नेता येत नाही. मी फार्म उडवला की तिचंही सगळं उडालं, आणि ते तिला कळतंही नाही. तिच्या स्क्रीनवर सूचना येत नाही, निरोप येत नाही. पुढच्या वेळी मी फार्म उघडायची ती वाट बघत राहणार, एवढंच.

डिलीट करायची सोय गेममध्ये आहे, पण बहुतेक जण ती जिथे शोधतात तिथे नाही. मुख्य मेनूत 'को-ऑप' (मिळून खेळायचा भाग) मध्ये गेलात की 'होस्ट' खाली तुमचे मल्टिप्लेअर फार्म दिसतात. साहजिकच माणूस तिथे कचरापेटी शोधतो. ती तिथे नाही. मी कंट्रोलर जोडून बघितला, राइट क्लिक करून बघितलं, एकदा तर सेटिंगमधला प्रत्येक पर्याय उघडून बघितला. कचरापेटी आहे ती मुख्य मेनूतल्या 'लोड' मध्ये, जिथे एकट्याने खेळायचे फार्म असतात. प्रत्येक फार्मच्या ओळीच्या उजव्या टोकाला छोटंसं चित्र असतं. को-ऑपचे फार्मसुद्धा त्याच यादीत असतात, तिथून काढले की झालं.

आणि इथेच माझा घात झाला.

तो फार्म मी एकटीने सुरू केला होता. पहिला वसंत ऋतू एकटीने खेळले, मग बाकीचे आले म्हणून रॉबिनकडून (गेममधली सुतारीण) केबिन बांधून घेतल्या आणि पुढे को-ऑपमधूनच उघडत गेले. लोडच्या यादीकडे कित्येक महिने फिरकलेच नाही. एक दिवस जुने फार्म आवरायला म्हणून लोड उघडलं, तर तिथे तोच फार्म दिसला. मला वाटलं, हा माझा सुरुवातीचा एकटीचा फार्म, तसाच पडून राहिलेला. खरा फार्म तर को-ऑपमध्ये आहे. म्हणजे ही जुनी प्रत. काढून टाकूया.

प्रत वगैरे काही नसते. गेमच्या दृष्टीने 'मल्टिप्लेअर फार्म' असा वेगळा प्रकारच नाही. ज्या फार्मवर केबिन आहे तो होस्ट करता येतो, म्हणून तो को-ऑपच्या यादीतही दिसतो. यादी दोन, फाइल एकच.

ओळीत तारीख लिहिलेली होती, दुसऱ्या वर्षाचा हिवाळा, दिवस 20. पैसे होते, खेळलेले तास होते. मी ते वाचलं असतं तर थांबले असते. पण खरोखर डिलीट करायचं का, असं गेम विचारतो तेव्हा त्या प्रश्नात शेतकऱ्याचं नाव येतं, फार्मचं नाही. माझ्या सातही फार्मवर माझं पात्र एकाच नावाचं. त्या प्रश्नात मला फक्त माझंच नाव दिसलं आणि मी हो म्हटलं. मग को-ऑप उघडलं तर होस्टची यादी एका ओळीने कमी झालेली. हातपाय गार पडणं म्हणजे काय ते मला त्या क्षणी कळलं.

मी आधी मावसबहिणीला फोन केला. "अगं, मी आपला फार्म डिलीट केला," एवढंच बोलता आलं. ती थोडा वेळ गप्प होती. मग म्हणाली, "ताई, त्याला तू सांग. मी नाही सांगणार." तो म्हणजे तिचा भाऊ. त्याने ग्रीनहाउसमध्ये एन्शंट फ्रूट लावलं होतं. या पिकाला पहिलं फळ यायला 28 दिवस लागतात, नंतर दर सात दिवसांनी येतं. खाणीत आणि जमिनीत खणून खणून त्याला पहिलं बी मिळालं होतं, त्या एकावरून तो ग्रीनहाउसमध्ये एकेक रोप वाढवत चालला होता आणि पिपांमध्ये त्याची वाइन लावली होती. आम्ही तिघी बाकी सगळीकडे हात घालायचो, पण ग्रीनहाउस त्याचं, हे न बोलता ठरलेलं होतं. मी त्याला सांगितलं. तो रागावला नाही. "सगळं?" एवढंच विचारलं.

सगळं नाही, हे दोन दिवसांनी कळलं. मधे मी लॅपटॉप बदलला होता, तेव्हा सेव्हचं फोल्डर पेन ड्राइव्हवर घेतलं होतं आणि विसरून गेले होते. त्यात हा फार्म दुसऱ्या वर्षाच्या उन्हाळ्याच्या 9 तारखेला होता. म्हणजे आमचे गेममधले 67 दिवस गेले. मल्टिप्लेअरमध्ये कोणी मेनू उघडला तरी घड्याळ थांबत नाही, पूर्ण दिवस सुमारे 14 मिनिटांचा. हिशेब केला तर साडेपंधरा तास. चौघांचे धरले तर बासष्ट.

आता जे उपयोगी आहे ते सांगते.

विंडोजवर सेव्ह असतात ते ॲपडेटा-रोमिंगमधल्या स्टारड्यूव्हॅली फोल्डरमध्ये, त्यातल्या 'सेव्ह्ज' मध्ये. रन बॉक्समध्ये ॲपडेटा हा शब्द दोन्ही बाजूंना टक्केवारीचं चिन्ह लावून टाकला की थेट रोमिंगमध्ये जाता. मॅक आणि लिनक्सवर होम फोल्डरमधल्या लपलेल्या 'कॉन्फिग' खाली तेच. तिथे प्रत्येक फार्मचं एक फोल्डर असतं, त्याचं नाव म्हणजे शेतकऱ्याचं नाव, मग अंडरस्कोअर, मग एक लांबलचक आकडा. इथेही फार्मचं नाव नाही. माझी सात फोल्डरं सुरुवातीला अगदी सारखी दिसायची, फरक फक्त आकड्यांत. कुठलं फोल्डर कुठल्या फार्मचं हे ओळखायला मी 'शेवटचा बदल' ची वेळ बघते, आणि आता प्रत्येक नव्या फार्मवर माझ्या पात्राचं नाव वेगळं ठेवते. एवढी एक सवय लावली असती तर वरचं काहीच घडलं नसतं.

फोल्डरच्या आत मुख्य फाइल फोल्डरच्याच नावाची असते, तिला एक्स्टेन्शन नसतं. दुसरी सेव्हगेमइन्फो, जिच्यातून यादीतली ओळ तयार होते. या दोन्हींच्या शेवटी 'ओल्ड' लावलेल्या जोड्या असतात, त्या आदल्या दिवसाच्या. एखादा दिवस बिघडला तर त्यांचं नाव बदलून एक दिवस मागे जाता येतं. पण गेममधून डिलीट केलंत की अख्खं फोल्डर जातं, या जुन्या जोड्याही त्याबरोबर. म्हणून डिलीट करण्याआधी ते फोल्डर दुसरीकडे कॉपी करा. पाच सेकंदांचं काम आहे. कन्सोलवर मात्र असं फोल्डर उघडता येत नाही, तिथे खेळणाऱ्यांनी दुप्पट जपून असावं.

फोल्डर हातानेच उडवलं तर? मी एकदा तसं केलं. दुसऱ्या दिवशी गेम लावला तर फार्म जागेवर. क्लाउड सिंक (सेव्हची इंटरनेटवर आपोआप ठेवली जाणारी प्रत) चालू होतं, त्याने तो परत उतरवून ठेवला. (चुकून गेलेल्या फार्मच्या बाबतीत मात्र मी गेम नीट बंद केला होता, त्यामुळे क्लाउडवरूनही तो गेलेला.) तेव्हापासून फार्म खरंच काढायचा असेल तर गेममधल्या कचरापेटीतूनच काढते. तो परत आलेला नाही.

बऱ्याचदा फार्म डिलीट करायची गरजच नसते. एखादा गडी खेळायचा थांबला आणि त्याची जागा अडली, एवढंच असतं. अशा वेळी रॉबिनकडे जाऊन फक्त त्याची केबिन पाडता येते. तो त्या वेळी ऑनलाइन असला तर गेम पाडू देत नाही, आणि पाडण्याआधी बजावतो. त्याचं पात्र कायमचं जातं, पण वस्तू एका पेटीत घालून त्याच जागी ठेवल्या जातात. माझ्या मैत्रिणीला परीक्षेमुळे एका फार्मवर यायला जमेना, तेव्हा तिनेच सांगितलं की माझी केबिन पाड आणि माझ्या पेटीतलं सगळं बी लावून टाक. ते आम्ही लावलं. हे करण्यात वाईट वाटलं नाही, कारण तिने स्वतः सांगितलं होतं.

दुसऱ्याच्या फार्मवर पाहुणे म्हणून खेळणाऱ्यांसाठी: तुमच्याकडे काढून टाकण्यासारखं काहीच नसतं. 'जॉइन' मध्ये दिसतात ते मित्रांनी त्या वेळी उघडलेले फार्म. त्यांनी बंद केले की ते तिथून जातात.

मी मुद्दाम डिलीट केलेले चार फार्म वेगळ्या रीतीने गेले. आधी चौघांच्या गटात विचारते. कोणाला शेवटचं काही बघायचं असेल तर एक संध्याकाळ ठरवतो आणि एकत्र उघडतो. एकदा मैत्रिणीला फक्त तिच्या गायीला जाऊन थोपटायचं होतं. मग फोल्डरची प्रत गटात टाकते, ज्याला हवी त्याने ठेवावी. ती प्रत आपल्या सेव्ह्ज फोल्डरमध्ये टाकली की कोणीही तो फार्म उघडू शकतो, फक्त उघडणाऱ्याच्या हाती माझं पात्र येतं, स्वतःचं नाही. हे आधी सांगावं लागतं, नाहीतर माणूस उत्साहाने उघडतो आणि हिरमुसतो. त्यानंतरच कचरापेटी.

गेमकडून मला तीनच गोष्टी हव्यात. होस्टच्या यादीत कचरापेटी, विचारणा करताना फार्मचं नाव आणि तारीख, आणि बाकीच्या खेळाडूंना आपलं पात्र जपून ठेवण्याची काहीतरी सोय. तिसरी अवघड असेल, मला मान्य आहे. पहिल्या दोन तरी यायला हव्यात. ज्या खेळात खाणीत बेशुद्ध पडून हरवलेली वस्तूसुद्धा पैसे देऊन परत मिळते, तिथे चार माणसांचं शेत एका नावावर हो म्हटल्याने जाऊ नये असं मला मनापासून वाटतं.

आमच्या यादीत आता तीन फार्म आहेत. एक रोजचा, एक मावसबहिणीने हट्टाने ठेवलेला, आणि तिसरा तो पेन ड्राइव्हवरून परत आणलेला. त्या उन्हाळ्याच्या 9 तारखेला ग्रीनहाउसमध्ये एकच एन्शंट फ्रूटचं रोप होतं, तीन दिवसांपूर्वी लावलेलं. तो फार्म पुढे खेळायची कोणाला इच्छा नव्हती, काढून टाकायचं ठरत होतं. पण मावसभाऊ म्हणाला, ताई, त्या एका रोपाला फळ येईपर्यंत थांबूया. म्हणून आम्ही दर रविवारी त्यात तीन-चार दिवस खेळतो, चौघंही. अजून अकरा दिवस आहेत.