आखनमध्ये हात लावला की पुण्यात उजेड

साखरपुड्यानंतर तीन आठवड्यांतच, सप्टेंबरअखेर, तो पुढील शिक्षणासाठी जर्मनीतील आखनला गेला आणि जाताना त्याच्या बॅगेत लोणच्याच्या बरणीशेजारी मी टच लॅम्पच्या जोडीतला एक दिवा ठेवला. साडेसहा हजारांना ऑनलाइन मिळालेल्या या जोडीतील एका दिव्यावर हात ठेवला की दुसरा, मग तो कुठेही असो, त्याच रंगात उजळतो. सात महिन्यांच्या वापरानंतर हे लिहीत आहे.

सुरुवातच मनस्तापाची झाली. हा दिवा केवळ २.४ गिगाहर्ट्झच्या वाय-फायवर चालतो आणि त्यात नेटवर्कचे नाव व पासवर्ड एवढेच भरता येते. विद्यापीठांतील ‘एडुरोम’ नेटवर्क मात्र प्रत्येकाचे स्वतंत्र युजरनेमही मागते, त्यामुळे पहिला महिना त्याला दिवा फोनच्या हॉटस्पॉटवर चालवावा लागला. परदेशी शिकणाऱ्यांच्या नावाने जाहिरात करणाऱ्यांनी खोक्यावर याची एक ओळही छापू नये, हे मला अक्षम्य वाटते.

पहिल्याच आठवड्यात मी सकाळी साडेसहाला हौसेने दिव्याला हात लावला आणि तिकडे पहाटे तीन वाजता त्याची खोली नारिंगी झाली. ॲपमध्ये ‘शांत वेळ’ ठरवता येते, पण त्या वेळेत पाठवलेला उजेड साठून राहत नाही, वायाच जातो. ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी जर्मनीतील घड्याळे एक तास मागे गेली, साडेतीन तासांचे अंतर साडेचार झाले आणि रोज साडेदहाला लागणारा दिवा साडेअकराला लागू लागला. ‘‘अगं, हल्ली जावई उशिरा घरी येतात वाटतं,’’ असे आईनेही विचारले.

तरीही दिवा मला आवडला, कारण तो उत्तर मागत नाही. व्हॉट्सॲपच्या निळ्या खुणा दिसल्यावर ‘वाचूनही गप्प का’ हा प्रश्न उरतोच. शिवाय भांडणानंतर आधी फोन कोणी करायचा यावर आम्ही दोघेही अडून बसतो, तेव्हा दिव्याला हात लावण्यात मात्र कोणालाच कमीपणा वाटत नाही.

घेणाऱ्यांनी एवढे लक्षात ठेवावे की हा स्पर्श कंपनीच्या सर्व्हरमार्गे जातो. मागच्या महिन्यात एका शनिवारी तो सर्व्हर पाच तास बंद होता. आम्ही दोघांनीही हात लावला, दोन्ही दिवे आपापल्यापुरते लागले आणि शेवटी फोनच करावा लागला.